क्रिमिनल रिट मागे घ्या म्हणून वकील सांगताहेत, काय करावं?

कृष्णाकाठची
नमस्कार. या वाटेने गेलेल्यांचा आणि कायदा जाणणाऱ्यांचा सल्ला हवा आहे. थोडं लांबेल.

माझी आई ६४ वर्षांची, माहेर सातारा जिल्ह्यातलं. आजीच्या नावावर शेतीतला हिस्सा होता. आजी २०२३ मध्ये गेली. २०२४ च्या पावसाळ्यात वारसनोंदीसाठी आई तलाठ्याकडे गेली, तेव्हा कळलं की आजीने २०२१ मध्येच मामाच्या नावे नोंदणीकृत हक्कसोडपत्र करून दिलंय. दस्ताची नक्कल काढली. शेवटी 'दस्त गोषवारा भाग-२' असतो, त्यात लिहून देणाऱ्याचा फोटो आणि अंगठा असतो. नाव आजीचं, फोटो भलत्याच बाईचा. त्या तारखेला आजी दवाखान्यात ॲडमिट होती, डिस्चार्ज कार्ड आहे आमच्याकडे.

पोलिसांत अर्ज दिला. बरेच हेलपाटे घातल्यावर समजपत्र मिळालं: बाब दिवाणी स्वरूपाची आहे, सक्षम न्यायालयात दाद मागावी. मग गुन्हा नोंदवण्याचा आदेश द्यावा म्हणून मुंबई उच्च न्यायालयात क्रिमिनल रिट, म्हणजे फौजदारी रिट याचिका टाकली. ती आता कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे आली आहे. मागच्या तारखेला न्यायमूर्तींनी पहिलाच प्रश्न विचारला, मॅजिस्ट्रेटकडे का गेला नाहीत? वकिलांनी वेळ मागून घेतला. आता ते म्हणतात, रिट मागे घेऊ.

आई ते ऐकून पार खचली आहे. तिच्या दृष्टीने मागे घेणं म्हणजे मामाचं खरं ठरलं. शिवाय मामाकडूनही निरोप येताहेत, 'केस मागे घे, बसून बोलू.' हे दोन्ही एकाच वेळी आल्याने तिला वकिलांवरही संशय येऊ लागलाय.

मागे घेतली तर हरलो असं होतं का? पुन्हा टाकता येते का? आणि आईला कोर्टात जाऊन काही सांगावं लागतं का?

रानजाई
वाचतेय. आईंना धीर द्या. फोटोच दुसऱ्या बाईचा असताना दिवाणी बाब कशी म्हणतात हे लोक!

शिरोळचा_शिवा
मागे घेऊ नका. वकिलांना मोकळं व्हायचंय. निकाल काय द्यायचा तो कोर्टाला देऊ दे.

ॲड_माणदेशी
मी फौजदारी बाजूला काम करतो. कागद पाहिलेले नाहीत, त्यामुळे हे सर्वसाधारण समजा, अंतिम सल्ला तुमच्या वकिलांचाच.

तुमचे वकील बहुधा बरोबर सांगताहेत. पोलीस गुन्हा नोंदवत नाहीत म्हणून थेट उच्च न्यायालयात येऊ नका, आधी मॅजिस्ट्रेटकडे जा, हे सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वासू प्रकरणात २००८ लाच सांगून ठेवलंय. पुढे आपल्या महाराष्ट्रातल्याच सुधीर भास्करराव तांबे प्रकरणात तेच पुन्हा सांगितलं. त्यामुळे पहिला प्रश्न तोच येणार. मॅजिस्ट्रेटकडे जायचा जुना रस्ता फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १५६(३) चा. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली, तिथे तो १७५(३) झालाय.

हरलात का? नाही. मागे घेतलेल्या याचिकेत कोर्ट तुमच्या तक्रारीच्या खऱ्याखोट्यावर काहीच बोलत नाही. उलट अडून राहिलात आणि याचिका फेटाळली, तर आदेशात एखादं वाक्य असं पडू शकतं की 'प्रथमदर्शनी वाद दिवाणी स्वरूपाचा दिसतो'. मग मामांचे वकील तेच वाक्य अधोरेखित करून मॅजिस्ट्रेटसमोर ठेवतील.

पुन्हा टाकता येते का, हे आदेशाच्या भाषेवर अवलंबून आहे. मागे घेताना मुभा, म्हणजे आम्ही ज्याला लिबर्टी म्हणतो ती, मागायची आणि ती आदेशात लिहून आलीय का ते बघायचं.

आईंना जावं लागत नाही. वकीलपत्र आहे, वकील 'ऑन इन्स्ट्रक्शन्स', म्हणजे अशिलाच्या सूचनेवरून, सांगतात. पण सूचना लेखी द्या.

वाघोलीकर
लिबर्टीवर कितीही जोर दिला तरी कमीच. माझ्या थोरल्या भावाच्या बाबतीत काय झालं ते लिहितो. बांधकामाच्या पैशांवरून त्याच्यावर फसवणुकीची एफआयआर झाली होती, ती रद्द व्हावी म्हणून रिट होती. युक्तिवाद सुरू झाल्यावर बेंचचा कल लक्षात आला, वकिलांनी तिथल्या तिथे मागे घेतली. भाऊ तेव्हा कोर्टाबाहेर पॅसेजमध्ये फोनवर होता. संध्याकाळी वेबसाइटवर आदेश आला, दोनच ओळींचा. काही वेळ युक्तिवाद केल्यावर वकिलांनी सूचनेनुसार याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली, याचिका मागे घेतल्याने निकाली. बस्स. पुन्हा दाद मागण्याची मुभा नाही, मुद्दे खुले ठेवल्याचं नाही.

पुढे दोषारोपपत्र आलं, त्यात त्याच्या बाजूचे कागद निघाले, म्हणून दुसऱ्या वकिलांमार्फत परत गेलो. सरकारी वकिलांनी उभं राहून पहिला आक्षेप घेतला तो या दोन ओळींवर. ती अडचण पार करण्यातच कित्येक तारखा गेल्या. शेवटी दोषारोपपत्रामुळे परिस्थिती बदललीय एवढं कोर्टाने ऐकून घेतलं, पण ती दगदग टळली असती.

दुसरं म्हणजे भावाला अटकेपासून अंतरिम संरक्षण होतं, ते याचिकेबरोबरच गेलं. आम्हाला वाटत होतं ते वेगळं चालू राहतं.

अबोली
बाप रे. हे संरक्षणाचं माहीतच नव्हतं.

ॲड_माणदेशी
@वाघोलीकर, अगदी हेच. अंतरिम आदेश याचिकेवर उभा असतो, याचिका गेली की तो पडतो. म्हणून आरोपीच्या बाजूने मागे घेताना आम्ही विनंती करतो की सत्र न्यायालयात अटकपूर्व जामिनासाठी जाईपर्यंत संरक्षण काही आठवडे चालू ठेवा. कोर्ट देतं किंवा नाही देत, पण मागावं तर लागतंच. २०२१ च्या निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर निकालानंतर असं संरक्षण सहजासहजी देऊ नये असंच सर्वोच्च न्यायालयाचं सांगणं आहे, त्यामुळे गृहीत धरू नका.

मुभेचं मूळ १९८६ च्या सरगुजा ट्रान्सपोर्ट निकालात आहे. बस परमिटचं प्रकरण होतं. रिट मागे घेतली, मुभा मागितली नाही, आणि त्याच विषयावर पुन्हा रिट. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, दिवाणी संहितेतलं दावा मागे घेण्याबद्दलचं तत्त्व इथेही लागू. एका बेंचचा रंग पाहून मागे घ्यायची आणि दुसऱ्या बेंचपुढे टाकायची, हे चालू द्यायचं नव्हतं. मात्र त्याच निकालात म्हटलंय की दावा लावण्यासारखे इतर मार्ग त्यामुळे बंद होत नाहीत. आणि हेबियस कॉर्पससारख्या, व्यक्तिस्वातंत्र्याच्या याचिकांना हे लागू होईल का, हा प्रश्न मुद्दाम खुला ठेवलाय, कारण त्यांची गोष्टच वेगळी.

म्हणून @कृष्णाकाठची, तुमच्या बाबतीत मुभा नसली तरी मॅजिस्ट्रेटचा रस्ता बंद होणार नाही. पण लिहून आलेलं कधीही बरं.

शिरोळचा_शिवा
मला पटत नाही. ललिता कुमारी निकाल पाच न्यायमूर्तींचा आहे, २०१३ चा. दखलपात्र गुन्ह्याची माहिती आली की एफआयआर नोंदवणं बंधनकारक. ते प्रकरणसुद्धा रिटच होतं, एका अल्पवयीन मुलीच्या वडिलांनी तिच्या वतीने थेट सर्वोच्च न्यायालयात केलेलं. मग पोलीस ऐकत नसतील तर सामान्य माणसाने उच्च न्यायालयाकडे का जाऊ नये? प्रत्येकाने मागे घेतली तर पोलिसांना जाब कोण विचारणार? माझ्या चुलत्यांनी तालुक्याच्या कोर्टात १५६(३) चा अर्ज केला होता, तो पोलिसांच्या अहवालासाठी वर्षभर पडून राहिला.

ॲड_माणदेशी
तुमचा राग रास्त आहे आणि ललिता कुमारीबद्दल लिहिलंत ते बरोबर आहे. नोंदवणं बंधनकारकच आहे. प्रश्न एवढाच की पोलिसांनी ते केलं नाही तर आधी कुठल्या दारात जायचं. क्वचित प्रसंगी उच्च न्यायालय स्वतः आदेश देतंही, बंदी नाही. पण बेंचने तोंडी कल दाखवल्यावर ६४ वर्षांच्या बाईंनी तत्त्वासाठी फेटाळणीचा आदेश अंगावर घ्यावा असं मी सांगणार नाही. तालुका कोर्टातला उशीर खरा आहे, त्यावर माझ्याकडे उत्तर नाही.

जुनी_फाईल
आमच्याकडे वेगळाच प्रकार. मेहुणा शिक्षा भोगतोय. संचित रजेचा (फर्लो) अर्ज नाकारला म्हणून क्रिमिनल रिट केली. नोटीस निघाल्यावर पुढच्या तारखेच्या आत रजा मंजूर झाली, मग याचिकेत काही उरलंच नाही, म्हणून मागे घेतली. तिथे मागे घेणं म्हणजे जिंकणंच होतं. फक्त आमच्या वकीलबाईंनी आदेशात लिहून घेतलं की रजा मंजूर झाल्यामुळे याचिका मागे घेत आहोत. पुढच्या वर्षी अभिवचन रजेच्या (पॅरोल) वेळी त्याचा उपयोग झाला. त्या विधी सेवा समितीकडून मिळाल्या होत्या, एक रुपया घेतला नाही. कैद्यांना आणि महिलांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, हे फार लोकांना माहीत नाही. @कृष्णाकाठची, तुमच्या आईंनाही मिळू शकतो.

धूळपाटी
शंका विचारतो. सरकार आंदोलनातले गुन्हे मागे घेतं, त्याचे शासन निर्णय निघतात. ते आणि हे एकच का?

ॲड_माणदेशी
नाही. तिथे खटलाच मागे घेतला जातो, तोही सरकारी वकिलाने आणि कोर्टाच्या संमतीने. जुनं कलम ३२१, आता ३६०. शासन निर्णय निघाला म्हणून खटला आपोआप संपत नाही. आमदार-खासदारांवरचे खटले तर उच्च न्यायालयाच्या परवानगीशिवाय मागे घेता येणार नाहीत असं ऑगस्ट २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय.

तळटीप
मागे घेण्यावरून शीला बारसे आठवल्या. मुंबईच्या पत्रकार, कोठडीतल्या महिलांसाठी आणि तुरुंगातल्या मुलांसाठी त्यांनी जे केलं ते आजच्या पिढीला सांगायला हवं. देशभरच्या तुरुंगांत डांबलेल्या १६ वर्षांखालच्या मुलांसाठी त्यांची सर्वोच्च न्यायालयात क्रिमिनल रिट होती. तारखांवर तारखा पडत गेल्या, तेव्हा त्यांनी वैतागून याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली. १९८८ मध्ये कोर्टाने ती नाकारली. जनहित याचिका ही याचिकाकर्त्याची खासगी मालमत्ता नसते, ज्यांच्यासाठी ती आहे त्यांचा हक्क त्यात गुंतलेला असतो, अशी भूमिका घेतली. बारसेंना याचिकेतून मोकळं केलं आणि काम कोर्टाच्या विधी साहाय्य समितीकडे सोपवून पुढे चालवलं.

म्हणजे स्वतःच्या हक्काची रिट मागे घेणं आणि दुसऱ्यांच्या हक्काची मागे घेणं यात कोर्ट फरक करतं. मला तो फरक फार मोलाचा वाटतो. पण त्या वेळी एका बाईला वैताग येईपर्यंत तारखा पडल्या, हेही विसरता येत नाही.

अबोली
@तळटीप, सुंदर माहिती. वाचनखूण साठवली.

पानशेत
थोडं अवांतर. कोल्हापूरला बेंच आलं हे आमच्यासारख्यांसाठी केवढं मोठं आहे ते मुंबईकरांना कळणार नाही. १८ ऑगस्ट २०२५ ला काम सुरू झालं. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग असे सहा जिल्हे. माझे वडील सांगलीहून रात्रीच्या गाडीने मुंबईला जायचे, सकाळी स्टेशनवरच तोंड धुऊन फोर्टात, आणि बोर्डावर नंबर यायच्या आत कोर्ट उठायचं. परत रात्रीची गाडी. चाळीस वर्षांहून जास्त मागणी होती वकिलांची आणि पक्षकारांची. सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत पहिल्यांदा गेलो तेव्हा वडील असायला हवे होते असं वाटलं.

मालवणी_खाजा
@पानशेत +१. आम्ही कणकवलीहून सकाळी निघून संध्याकाळी घरी. आणि तारीख पडली तरी मिसळ पदरात पडते. :)

शिरोळचा_शिवा
मिसळीच्या बाबतीत माझा मतभेद नाही.

विदर्भकन्या
मूळ प्रश्नाकडे. मला कायद्यापेक्षा मामांच्या निरोपाची काळजी वाटते. माझ्या नणंदेच्या प्रकरणात असंच झालं. वकिलांनी तांत्रिक कारणाने याचिका मागे घेतली, आणि सासरच्यांनी गावभर केलं की 'तिने केस मागे घेतली, म्हणजे खोटी होती.' त्यावर एका कोऱ्या स्टॅम्पपेपरवर सही मागायला आले, 'आता एवीतेवी मागे घेतलीच आहेस' म्हणून. तिने केली नाही म्हणून बरं. आईंना नीट समजावून सांगा की रिट मागे घेणं वेगळं आणि तक्रार मागे घेणं वेगळं. पोलिसांत दिलेला अर्ज जागच्या जागी आहे.

ॲड_माणदेशी
@विदर्भकन्या, हे मी आधीच लिहायला हवं होतं इतकं महत्त्वाचं आहे. घरच्या वादात समझोत्याने एफआयआर रद्द होते तेव्हा कोर्ट फिर्यादीचं शपथपत्र घेतं आणि स्वेच्छेने देताय ना याची खात्री करतं. ग्यान सिंग निकालाने २०१२ मध्ये तो रस्ता स्पष्ट केला. पण इथे एफआयआरच नाही, तर रद्द काय करणार? म्हणून आईंनी मामांना किंवा कुणालाही 'माझी तक्रार नाही' असं एक अक्षर लिहून द्यायचं नाही. उद्या बसून बोलायचं असेल तर जरूर बोला, पण हिश्शाचा कागद वकिलांना दाखवूनच.

कृष्णाकाठची
सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री आईला हा धागा वाचून दाखवला. शीला बारसेंबद्दल तिने दोनदा वाचायला लावलं.

विदर्भकन्या, तुमचा प्रतिसाद अगदी वेळेवर आला. मामाने भाऊबीजेला बोलावलं होतं आणि ओवाळणीच्या ताटाबरोबर टाईप केलेला कागद आणून ठेवला होता. आईने फक्त ओवाळलं आणि उठली. आम्हाला ती आत्तापर्यंत बोलली नव्हती.

वकिलांशी बोलले. ते म्हणाले मुभा मागणारच होतो. दोन शंका उरल्यात. आम्ही पोलीस अधीक्षकांना प्रत्यक्ष भेटून अर्ज दिला होता, पण पोच घेतलेली नाही. त्याने अडेल का? आणि दस्त २०२१ चा आहे, तर मुदत गेली का?

ॲड_माणदेशी
आईंना नमस्कार सांगा.

पोचेशिवाय अडेल. १७५(३) च्या अर्जासोबत शपथपत्र लागतं आणि आधी १७३(४) प्रमाणे अधीक्षकांना लेखी कळवलंय हे दाखवावं लागतं. आजच स्पीड पोस्टाने पुन्हा पाठवा, सोबत गोषवाऱ्याची प्रत आणि डिस्चार्ज कार्ड जोडा. पावती आणि पोच जपून ठेवा. रिटची पुढची तारीख येईपर्यंत हे होऊन जाईल.

मुदतीचं दोन भागांत बघा. फौजदारी बाजूला, मौल्यवान दस्ताचं बनावटीकरण २०२१ मधलं, म्हणून जुन्या भारतीय दंड संहितेचं कलम ४६७ लागेल. त्याला जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे, त्यामुळे दखल घेण्याला कालमर्यादेची आडकाठी नाही.

दिवाणी बाजूला मात्र घड्याळ चालू आहे. दस्त रद्द करून मागण्याच्या दाव्याला, ज्या दिवशी हे कळलं तिथपासून ३ वर्षं. रिट प्रलंबित आहे म्हणून ती मुदत थांबत नाही. तुम्हाला २०२४ च्या पावसाळ्यात कळलं, म्हणजे २०२७ चा पावसाळा यायच्या आत दावा दाखल हवा, आणि खरं तर आत्ताच हवा, कारण जमीन पुढे विकली तर तिसरा माणूस मध्ये येईल. दावा लावून मनाई हुकूम मागा. फेरफार मंजूर झाला असेल तर त्यावर प्रांतांकडे अपीलही लगेच.

वाघोलीकर
आणि दस्तावर ओळख देणारे दोन साक्षीदार असतात, त्यांची नावं-पत्ते त्याच गोषवाऱ्यावर असतील. भलत्या बाईला 'ही तीच' म्हणून ओळख दिली त्यांनी. अर्जात त्यांनाही घ्या.

कृष्णाकाठची
आहेत. एक तर मामाचाच चुलत मेहुणा.

शिरोळचा_शिवा
हे वाचून मी माझं मत थोडं बदलतो. मुभा लिहून मिळत असेल तर घ्या मागे. पण अधीक्षकांना आणि मॅजिस्ट्रेटना सोडू नका.

धूळपाटी
ॲड_माणदेशी, एक विनंती. लेखी सूचना वकिलांना कशी द्यायची त्याचा नमुना इथे टाकाल का? आमच्यासारख्यांना 'सूचना' म्हणजे काय लिहायचं तेच कळत नाही.

ॲड_माणदेशी
साध्या मराठीत लिहा, ईमेलने पाठवा, चालतं. या प्रकरणात असं काहीसं:

'माझी फौजदारी रिट याचिका क्रमांक अमुक, कायद्यात उपलब्ध असलेल्या दुसऱ्या मार्गाने दाद मागण्याची मुभा आणि गरज पडल्यास पुन्हा उच्च न्यायालयात येण्याची मुभा घेऊन, तसेच माझे सर्व मुद्दे खुले ठेवून मागे घेण्यास माझी संमती आहे. मुभा मिळत नसेल तर मला विचारल्याशिवाय याचिका मागे घेऊ नये. माझी मूळ तक्रार मी मागे घेत नाही.'

शेवटून दुसरं वाक्य सगळ्यात कामाचं. अशिलाचा हक्क सोडून देणारं विधान वकिलाने स्पष्ट सूचनेशिवाय करू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये हिमालयन को-ऑपरेटिव्ह प्रकरणात सांगितलंय. चांगल्या वकिलाला अशा ईमेलचा राग येत नाही.

आदेश वेबसाइटवर आला की त्याच दिवशी वाचा. मुभा बोलली गेली पण लिहिली गेली नाही असं दिसलं, तर वकिलांना ताबडतोब त्याच बेंचपुढे मेन्शन करायला, म्हणजे तोंडी लक्षात आणून द्यायला सांगा. महिना-दोन महिन्यांनी गेलात तर कुणाच्या लक्षातही नसतं. मग नक्कल काढून मॅजिस्ट्रेटच्या अर्जाला जोडा आणि रिट केली होती हे अर्जात स्वतःहून लिहा, लपवू नका.

कृष्णाकाठची
नमुना जसाच्या तसा घेतला, आईने सही करून आज पाठवलाय. अधीक्षकांचं स्पीड पोस्टही गेलं. दिवाणी दाव्यासाठी साताऱ्यातल्या वकिलांची सोमवारची वेळ घेतली आहे. आदेश आला की नावं झाकून इथे टाकते.

जुनी_फाईल
टाका नक्की. आणि सोमवारी मूळ डिस्चार्ज कार्ड हातचं सोडू नका, झेरॉक्सच द्या.